गेटवरचे अध्यक्ष

आखातातल्या महबूल्यात, आमच्या बिल्डिंगच्या गेटवर ते सिक्युरिटीला होते. त्याआधी सतरा वर्षं फौजेत. सगळे त्यांना हवालदारच म्हणायचे. वेळ सांगताना अजूनही 'अठरा तीस' म्हणत, आणि कुणाशीही बोलताना खुर्चीवरून उठून उभे राहत.

ते मराठी मंडळाच्या अध्यक्षपदाच्या निवडणुकीत उतरले, तेव्हा मी बिल्डिंगमध्ये भेटेल त्याला म्हणायचो, "उद्या दूतावासात आपल्या वतीने गेटवरचा माणूस बोलणार का?" मी बँकेतला, लोक माझं ऐकून हसायचे. तरी ते निवडून आले.

पुढच्याच महिन्यात, आमच्याकडे राहायला आलेले माझे वडील इथेच गेले. त्यांना गावी न्यायला किती कचेऱ्या आणि किती शिक्के लागतात, याची मला कल्पना नव्हती. न बोलावता हवालदार रजा टाकून आले. अंगात कडक इस्त्रीचा शर्ट, काखेत फाइल. तीन दिवस प्रत्येक रांगेत तेच उभे राहिले. "तुम्ही बसा साहेब," म्हणायचे, "उभं राहायची मला सवय आहे."

तिसऱ्या दिवशी माझ्याच्याने बसवेना. जवळ जाऊन म्हटलं, "हवालदार, निवडणुकीत तुमच्याविरुद्ध बोलत फिरणारा मीच होतो."

"माहीत आहे की. लिफ्टपाशी उभं राहून बोलायचात. मी तिथंच ड्यूटीवर असायचो," ते म्हणाले आणि त्यांनी हात पुढे केला. "वडिलांचा पासपोर्ट द्या. खिडकी उघडली."