यशवंतचा चहा

दादा गेल्याचा फोन आला तेव्हा मी डिंडोलीच्या बाजारात मेथीची जुडी निवडत होते. "ताई, तुमचे दादा गेले हो," एवढंच वहिनी बोलली. जुडी तशीच टाकून रिक्षाने लिंबायतला दादाचं घर गाठलं. दारात शेजारचे चार लोक होते, बस. आणि आता, महिनाभरात, माझ्या भावाचे एवढे चाहते कुठून उगवले? वरातीमागून आलेली ही घोडी मला बघवत नाहीत.

दादा फौजेतून आला तो एक कान गमावून. मग सुरतेच्या एका मिलमध्ये साड्यांची डिझाइनं काढू लागला. साडीच्या डिझाइनचा एक कायदा असतो. उजवी कड डाव्या कडेला अशी जुळली पाहिजे, की नक्षी कुठे संपली ते कळता कामा नये. मिलमध्ये त्याला 'रिपीट' म्हणतात. दादाने लढाईतल्या आठवणींचं चित्रपुस्तक काढलं तेही याच कायद्याने. यशवंत हा त्याचा बंकरमधला जोडीदार, तोफगोळ्याने गेलेला. शेवटच्या चौकटीत एकटा उरलेला दादा चहाचा मग पुढे करतो, हात पानाच्या उजव्या कडेपर्यंत जातो… आणि पहिल्या पानावर डाव्या कडेतून तोच हात आत येतो. यशवंत हसून मग घेतो.

प्रकाशकांनी पुस्तक छापलं, पण 'पान मोकळं दिसावं' म्हणून दोन्ही कडा कापून. शेवटच्या पानावर हात मनगटाशी तुटला. पहिल्या पानावर यशवंत रिकाम्या जागेकडे बघून हसत राहिला. दादाने पुस्तक मिटून माझ्यासमोर ठेवलं, आमच्या अहिराणीत म्हणाला,

"त्यासनी किनार कापी टाकी, बई. आते यशवंतले चहा कोन देई?"

त्यानंतर त्याने मुलांसाठी अंतराळातल्या सफरींची चित्रपुस्तकं काढली. ती खपली. कप्तान यानात एकटाच, पण टेबलावर मग कायम दोन. मुलं विचारायची, दुसरा कोणाचा? मोठ्या माणसांपैकी एकानेही कधी विचारलं नाही.

शोकसभेत तेच प्रकाशक डोळे पुसत म्हणाले, "युद्ध विसरायला ते ताऱ्यांमध्ये गेले." विसरायला! चीड आली मला. जिथे तोफगोळा पोचत नाही तिथे तो यशवंतला घेऊन गेला होता, एवढं कळायला काय विद्वत्ता लागते?

गेल्या आठवड्यात प्रकाशक दादाच्या घरी आले. लढाईच्या पुस्तकाची स्मृतिआवृत्ती काढायची म्हणे, मूळ चित्रं हवीत. पहिलं आणि शेवटचं पान दादाने दोन्ही कडांनी एकमेकांना चिकटवून त्याचं नळकांडं केलंय, ते त्याच्या टेबलाच्या वर दोऱ्याने टांगलेलं असतं. प्रकाशकांनी ते हातात घेऊन फिरवलं आणि म्हणाले, "सपाट केल्याशिवाय छापता यायचं नाही. जोडावर एक काप द्यावा लागेल."

वहिनीने ते त्यांच्या हातातून काढून घेतलं.

"मंग नका छापू, साहेब."

"अहो, पण लोकांपर्यंत पोचणार कसं?"

"यशवंतभाऊपर्यंत पोचतंय ना…"

ती स्टुलावर चढली आणि नळकांडं परत टांगलं. पंखा चालूच होता. ते हळूहळू फिरू लागलं. दादाचा हात पुढे आला, यशवंतने मग घेतला.