पहिल्या शनिवारचे फुटाणे

मी सुवर्णा धोटे, नागपूरची. तिथल्या एका मुलींच्या शाळेत अकरा वर्षं जीवशास्त्र शिकवलं. प्रयोगाच्या जर्नलमध्ये आकडे जुळवून लिहिणाऱ्या पोरींना मी वर्गाबाहेर उभं करत असे आणि वर त्यांच्या आयांना बोलावून प्रामाणिकपणावर पाऊण तास भाषण देत असे. त्या सगळ्या आयांची मी आधीच माफी मागून ठेवते. पुढे लागणार आहे.

२००१ साली आम्ही कॅलिफोर्नियात, फ्रीमाँटला होतो. डॉट कॉमचा फुगा फुटला, माझ्या नवऱ्याची, प्रल्हादची, कंपनी एका शुक्रवारी बंद झाली आणि व्हिसा टिकवायचा तर मिळेल ती नोकरी घ्यायची वेळ आली. ती मिळाली मिनेसोटात. मिनेसोटा आम्ही नकाशात शोधलं; नकाशात थंडी दाखवत नाहीत. नोव्हेंबरात उतरलो तेव्हा माझ्याकडे दोन शाली होत्या आणि आपण काहीही सोसू शकतो असा एक गैरसमज होता. उणे वीसमध्ये पहिल्यांदा नाकातला श्वास आतल्या आत गोठला तेव्हा ही पंचेचाळीस डिग्रीत वाढलेली बाई भर पार्किंग लॉटमध्ये रडायला लागली. पापण्या चिकटल्या म्हणून थांबले.

माझा व्हिसा डिपेंडंटचा. म्हणजे पगार घ्यायला बंदी, फुकट राबायला पूर्ण मुभा. घरात बसून मी प्रल्हादला इतकं सळो की पळो करून सोडलं की शेवटी त्यानेच गावातल्या झूचा व्हॉलंटियरचा फॉर्म आणून दिला. "जपानची माकडं आहेत तिथे," तो म्हणाला. "बर्फात राहतात, दिवसभर एकमेकांच्या खोड्या काढतात. तुझं जमेल." यातला टोमणा मला दोन दिवसांनी कळला.

काम असं होतं. शनिवारी सकाळी कठड्यापाशी उभं राहायचं, डोक्यात प्रल्हादची माकडटोपी, हातात पुठ्ठ्याला लावलेला तक्ता. दर दोन मिनिटांनी घड्याळ वाजायचं, आणि त्या क्षणी अठरा माकडांपैकी कोण काय करतंय ते लिहायचं. कोण कोणाच्या उवा काढतंय, कोण गरम पाण्याच्या कुंडात बसलंय, कोण नुसतंच काठावर. भांडण झालं तर शेवटच्या रकान्यात त्याचं कारण. नागपूरला लग्नसमारंभात मी हेच करत आले होते, फक्त तक्ता नव्हता.

या माकडांत मुलगी सासरी जात नाही. मुलगे वयात आले की कळप सोडतात. मुली जन्मभर आईजवळ. आईचा मान तोच मुलीचा मान. राणीची पोर चालायला लागायच्या आधीपासून रुबाब करते आणि म्हाताऱ्या बायका तिला वाट देतात. थंडी वाढली की सगळ्या जणी अंगाला अंग लावून एक मोठा गोळा करून बसतात, लाल तोंडं तेवढी बाहेर. जिचं कोणी नाही तिला गोळ्यातही जागा नाही आणि कुंडातही नाही.

तशी एक होती, बारा नंबरची. आई मेलेली, बहिणी नाहीत, मूल नाही. मी तिला मनात सरला म्हणायची. ती बर्फावर एकटी पाय पोटाशी घेऊन बसायची आणि मी कठड्याबाहेर तशीच उभी. माझंही गावात कोणी नव्हतं, त्यामुळे माझं तिच्यावर जरा जास्तच लक्ष असायचं. दोन हिवाळे गेल्यावर एक मधल्या फळीतली माकडीण तिच्या पाठीवरची केसं चाळायला लागली. तिसऱ्या हिवाळ्यात सरला गोळ्याच्या अगदी काठाला, अर्धी आत अर्धी बाहेर, बसली. ते मी तक्त्यात लिहिलं आणि घरी येऊन शिरा केला. प्रल्हादने विचारलं, आज काय विशेष? मी म्हटलं, एका बाईचं बस्तान बसलं.

जुलै २००७ मध्ये ग्रीन कार्डाची खिडकी एकदम उघडली, सगळी देशी मंडळी फॉर्म घेऊन तुटून पडली आणि थंडीपर्यंत माझ्या हातात वर्क परमिट आलं. त्याच सुमाराला माकडांच्या विभागाची प्रमुख मार्ज मला म्हणाली, "नोंदी ठेवायला एक माणूस पगारावर घेतोय. अर्ज कर. तुझ्या तक्त्यांवर मी डोळे मिटून विश्वास ठेवते." मुलाखत जानेवारीच्या शेवटी. सहा वर्षं मी फॉर्मवर 'व्यवसाय' या रकान्यात गृहिणी लिहीत होते, आणि दर वेळी पेन कागदात रुतत होतं. ही नोकरी मला हवी होती, अगदी हावरटासारखी.

अशात नागपूरहून सासूबाईंचा फोन. "सुवर्णा, तुझी कन्या रास. साडेसाती चालू आहे. पाच शनिवार माकडांना गूळ-फुटाणे घाल, नोकरी कुठे जात नाही."

"आई, मी विज्ञान शिकवलेलं आहे," मी म्हटलं.

"मग काय बिघडलं? फुटाणे घालायला विज्ञान आड येतं का?"

मी हसून फोन ठेवला आणि दुसऱ्या दिवशी इंडियन स्टोअरमधून फुटाणे आणले. प्रल्हादला सांगितलं, चटणीसाठी. लोकां सांगे ब्रह्मज्ञान, स्वतः कोरडे पाषाण, ही म्हण कोणाला फोटोसकट छापायची असेल तर माझा फोटो पाठवते.

शनिवारी पारा उणे बावीस. पाहायला कुत्रंसुद्धा आलेलं नव्हतं. कठड्यावर माझ्याच हाताने लावलेली पाटी, माकडांना खायला घालू नका. मी इकडेतिकडे पाहिलं, खिशातून मूठ काढली आणि म्हटलं, घालायचेच तर हिलाच घालू, दुसरं कोण घालतंय हिला. फुटाणे आणि गुळाचा खडा सरलाच्या पुढ्यात पडले. तिने झडप घालून गाल भरले. मला इतकं बरं वाटलं की विचारू नका.

पण राणीच्या देखत खालच्या बाईने आधी खायचं नसतं. हे मीच शाळेच्या सहलींना माईकवरून समजावून सांगायची! राणी आली, मागून तिच्या तिन्ही लेकी. सरलाला त्यांनी पाडलं, चावल्या, ओरबाडलं. बर्फावर रक्त पडलं. जी तिच्या पाठीवरची केसं चाळायची तीसुद्धा चार पावलं दूर जाऊन बसली. मी कठड्यावर हात आपटत मराठीत किंचाळत होते. कीपर धावत आले तोवर फुटाणे फस्त झाले होते, एक दाणा उरला नव्हता.

आणि मग मी पेन काढून शेवटच्या रकान्यात लिहिलं, 'कारण दिसलं नाही.'

सरलाच्या कानाचा तुकडा गेला, दंडाला टाके पडले. बुधवारी मार्जने मला बोलावलं. मी दारातच घामेघूम. चोराच्या मनात चांदणं. पण तिच्या हातात माझाच तक्ता होता.

"विनाकारण हल्ला, म्हणजे कळपाने तिला टाकलंय," मार्ज म्हणाली. "परत आत सोडली तर मारून टाकतील. दुसऱ्या राज्यातल्या एका झूमध्ये पाठवतोय, सोमवारी. या वयात अनोळखी कळपात तिचं कठीणच आहे, पण तू लिहिलंयस म्हणजे तसंच झालं असणार." मग ती जरा हसली. "शुक्रवारी तुझी मुलाखत. नुसती औपचारिकता आहे."

घरी येऊन प्रल्हादला सगळं सांगितलं. तो म्हणाला, "कोणी पाहिलं?"

"नाही."

"मग मुलाखत होऊ दे. सोमवारच्या आत काहीतरी करू."

"काय करणार? माझ्या अक्षरामुळे चाललीय ती."

"माकड आहे ते, सुवर्णा. आणि तू सहा वर्षं थांबलीयस." माझ्यासाठीच बोलत होता बिचारा, म्हणून मला जास्त राग आला. मी त्याच्यावर ओरडले, सासूबाईंवर ओरडले, शनीवर ओरडले. आपल्यावर ओरडायची पाळी आली तेव्हा आवाजच फुटेना. सकाळी उठले तर त्याने माझ्या गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडून इंजिन सुरू करून ठेवलं होतं.

मार्जला मी उभ्याउभ्याच सांगितलं. फुटाणे इंग्रजीत समजावता समजावता पुरेवाट झाली. साडेसाती मी गाळली, तेवढी लाज शिल्लक होती. ती खिडकीबाहेर बघत होती. मग तिने तो तक्ता माझ्यापुढे सरकवला. खोडरबर चालत नाही, एका रेघेने खोडायचं, नवं लिहायचं, सही करायची. मी 'कारण दिसलं नाही' वर रेघ मारली आणि खाली लिहिलं, 'कारण मी.' पुढे तारीख.

"खाणं टाकलंस ते एखाद्या वेळी चाललं असतं," मार्ज खोडलेल्या ओळीवर बोट ठेवून म्हणाली. "हे नाही चालणार." बिल्ला मी काढून टेबलावर ठेवला. तिच्या जागी मी असते तर आईला बोलावलं असतं.

सासूबाईंना कळलं तेव्हा त्या म्हणाल्या, "अगं, मी पाच शनिवार सांगितले होते. तू एकच केलास."

फेब्रुवारीत मी तिकीट काढून झूमध्ये गेले. माझ्या जागेवर माझाच पुठ्ठा घेऊन एक रिटायर्ड गोरे आजोबा उभे होते, नाकाचं टोक लाल. सगळा कळप गोळा होऊन बसलेला, आणि काठाला एक तुटक्या कानाची. तिच्या पाठीवरून एक हात फिरत होता. माझा हुंदका बाहेर पडला, तो मी खोकल्यात घातला.

आजोबा उत्साहात आले. "ती बघा! तिला पाठवून देणार होते. कोणा मूर्ख बाईने खायला टाकलं होतं म्हणे. मग तिनेच येऊन कबूल केलं, म्हणून ही राहिली."

"त्या बाईचं काय झालं?" मी विचारलं.

"ते नाही बुवा ठाऊक." त्यांनी तक्त्यात काहीतरी लिहिलं. "ही मात्र आता बरी आहे."

मी म्हटलं, "तीही बरी आहे."