धुतलेल्या आलूचे लाटके

आधी शपथ घ्या. हे जे सांगून राहिले ना, ते ठाण्याला पोहोचता कामा नये. ठाण्याला माझी विहीण राहते, अन् आमचं दोघींचं नातं एका खोट्यावर उभं आहे. खोटंही साधंसुधं नाही, चांगलं खरपूस तळलेलं!

चहा घ्या, गार होईल. ऐका.

आमचा निखिल पुण्याला नोकरीला. एक दिवस त्याचा फोन आला, "आई, मले एक मुलगी आवडते. दिना नाव आहे. ठाण्याची आहे. ज्यू आहे."

मी म्हटलं, "म्हणजे परदेशातली?"

"ठाणं परदेशात आहे का वं आई? मराठी आहेत ते. मूळचे अलिबागकडचे, पिढ्यान् पिढ्या."

आता एवढं स्पष्ट सांगितल्यावर शहाण्या माणसानं काय समजायचं? पण मी म्हणजे मी! मी मनात म्हटलं, मराठी बोलत असतील बिचारे, पण खाणंपिणं तर त्यांच्या तिकडचंच असेल ना? आता 'तिकडचं' म्हणजे नेमकं कुठलं, ते मलाही ठाऊक नव्हतं.

खरी अडचण वेगळीच होती. दिनाला वडील नाहीत. आई एस्थरताई, शाळेत मराठी शिकवून रिटायर झालेल्या. त्यांना हे लग्न मनातून नको होतं. एकुलती एक लेक, परक्या धर्मात, परक्या घरात! त्या निखिलला म्हणाल्या होत्या, "मी एकदा नागपूरला येऊन घर बघते, माणसं बघते. मग काय ते सांगते." म्हणजे सगळं एका जेवणावर येऊन ठेपलं. पोरगं फोनवर हसत बोलायचं, पण आईला कळत नाही का? जीव टांगणीला लागला होता त्याचा. अन् त्याच्यापायी माझाही.

निखिलनं बजावून ठेवलं, "आई, फक्त मटण नको करू. मटणाचे त्यांचे नियम वेगळे असतात. आपलं वरण-भात, पुडाची वडी कर. बस."

पुडाची वडी! मुलीची आई पहिल्यांदा दारात येणार, अन् मी तिच्यापुढे कोथिंबिरीची वडी ठेवू? मुळीच नाही. तिला दिसलं पाहिजे की या घरात तिच्या लेकीच्या रीतीभातीला मान आहे. बसले मोबाइल घेऊन. शोधता शोधता एका व्हिडिओत सापडले लाटके. ज्यू लोकांचा पारंपरिक पदार्थ! कच्चे आलू किसायचे, त्यात कांदा, अंडं, थोडा मैदा, अन् चपट्या टिकिया तेलात कुरकुरीत तळायच्या.

मी तर टाळीच वाजवली. आलू! अहो, आलू म्हणजे माझं राज्य. उन्हाळ्यात गच्चीवर माझा आलूचा कीस वाळत पडला की बाया पाहायला येतात. धरमपेठेतली माझी नणंद, जिला जगात कोणाचं काही आवडत नाही, ती दरवर्षी माझ्याकडून डबा भरून नेते. कीस असा पांढरा की कापूस वाटावा, अन् तळला की तोंडात नुसता कुर्रर्र! त्याचं गुपित एकच, धुणं. किसलेले आलू पाण्यातून काढत राहायचे, काढत राहायचे, पाणी काचेसारखं नितळ होईपर्यंत. मग तुरटीच्या पाण्यात ठेवायचे. जी बाई धुण्यात आळस करते, तिचा कीस काळा पडतो.

व्हिडिओतली बाई आलू फडक्यात पिळून राहिली होती, खालचं पाणी वाडग्यात धरून काहीतरी समजावून राहिली होती. मी व्हिडिओ पुढे सरकवला. म्हटलं, आलूचं मले काय शिकवते वं तू!

झालं. तिथंच मला ग्रहण लागलं.

पाहुण्या यायच्या त्या दिवशी सकाळीच आलू किसले. धुतले. परत धुतले. हात बधिर झाले थंडीनं, पण सोडलं नाही. पातेल्याच्या बुडाशी पांढरंशुभ्र सत्त्व बसलं, घट्ट दह्यासारखं. माझं माहेर उमरेडचं, कोष्टी घराणं. घरात माग होता, सुताला खळ लावताना पाहत मोठी झाले मी. असलं सत्त्व मी मोरीत ओतणार होय? शिजवलं, झकास खळ केली, अन् संध्याकाळी नेसायच्या सुती साडीला लावली. डिसेंबरचं का असेना, ऊन नागपूरचं. दुपारपर्यंत साडी अशी कडक, की कोपऱ्यात उभी केली असती तर उभी राहिली असती!

संध्याकाळी निखिल विमानतळावर गेला. मी साडी नेसून, नवीकोरी कढई चढवून तयार. पहिला लाटका हातावर थापला, तेलात सोडला.

तेलात गेला अन् विस्कटला.

म्हटलं, पहिलाच आहे, होते असं. दुसरा सोडला. तोही गेला. तिसरा तर तेलापर्यंत पोहोचलाच नाही, हातातच सुटला. अंडं वाढवलं, तर अंडं वेगळं तळून वर आलं अन् आलू वेगळे. दोघांची ओळखच नाही! मैदा घातला, तर मैदा कढईच्या बुडाशी जाऊन बसला.

आमचे हे कोराडीच्या वीज केंद्रातून रिटायर झालेले. जन्मभर बिघाड शोधला, आता घरी शोधतात. आले ओट्यापाशी.

"फुटून राहिले वं."

"दिसते मले!"

"काहून फुटून राहिले?"

"मले माहीत असतं तं फुटू दिले असते का?"

"बेसन टाकून पाहा."

"भजी करू? त्यांच्या पारंपरिक पदार्थाची भजी करू मी?"

त्यांनी शांतपणे माझा मोबाइल घेतला, चष्मा लावला, अन् तो व्हिडिओ पहिल्यापासून पाहिला. मी कढईशी झुंजत होते. मग म्हणाले, "हे पाहा. पिळलेल्या पाण्याखाली पांढरं बसलं, ते ही बाई परत आलूत कालवून राहिली. म्हणते, यानंच तं चिकटते. तुझं पांढरं कुठं गेलं?"

मी नुसता पदर सावरला. पदर खडखड वाजला.

हे एकदा साडीकडे पाहतात, एकदा कढईकडे. "म्हणजे लाटके नेसून राहिली होय तू!"

त्यांना झारा फेकून मारणार, तेवढ्यात बेल वाजली. कढईतला सगळा चुरा घाईघाईनं झाऱ्यानं उपसला, मीठ भुरभुरवलं, ताटात ओतला, अन् दाराकडे पळाले. आठवडाभर आरशासमोर इंग्रजी पाठ केलं होतं मी. दार उघडलं, हात जोडले, "वेलकम मॅडम, व्हेरी व्हेरी..."

"नमस्कार!" समोर अगदी आपल्यासारखीच बाई. सुती साडी, अंबाडा, हातात मिठाईचा डबा, पाठीशी दिना अन् निखिल. "किती छान थंडी आहे हो तुमच्याकडे! आणि साडीला काय सुरेख खळ केली आहे. हल्ली कोण करतं एवढं?"

मागे आमच्या ह्यांना जोरात खोकला आला.

बसलो जेवायला. मधोमध ते ताट. त्यात तपकिरी, वेडावाकडा, कुरकुरीत ढिगारा. बाजूला सफरचंदाची चटणी अन् दह्याचा चक्का, व्हिडिओत होता तसा. मी एस्थरताईंच्या तोंडाकडे पाहून राहिले. त्यांनी ढिगाऱ्याकडे पाहिलं. जवळून पाहिलं. कपाळाला आठी.

मनात म्हटलं, संपलं. बाईच्या बापजाद्यांचा पदार्थ, अन् मी त्याचा असा भुगा केला की तिला ओळखूही येऊन नाही राहिला! आता ही अपमान समजणार, अन् माझ्या पोराचं लग्न आलूपायी मोडणार.

त्यांनी विचारलं, "हे काय आहे हो? तुमच्याकडचं काही खास का?"

आता सांगा, तुम्ही असता तर काय म्हटलं असतं? बुडत्या माणसापुढे त्यांनी दोर टाकला होता. मी पकडला!

"हो हो! नागपूरचं! अगदी आमचं पारंपरिक!"

निखिलचा घास तोंडाशी थांबला. दिनानं मान खाली घातली.

"नाव काय याचं?"

नाव! नाव कुठून आणू? ताटातून कुरकुर ऐकू आल्यासारखं झालं. "कुरमुटी," मी म्हटलं. "आलूची कुरमुटी."

आमचे हे जन्मापासून नागपुरात. म्हणाले, "कुरमुटी?" मी टेबलाखालून पाय दाबला, चांगला जोरात. तर गडी एकदम दुसऱ्या टोकाला! "हो तं! कुरमुटी! आमच्या कॉलनीत दर रविवारी होत होती. माझी आई कोळशाच्या शेगडीवर करायची. तिची चवच न्यारी!" सासूबाई माझ्या आलूला हात लावत नसत हो, वायू होतो म्हणून!

पण एस्थरताईंनी एक घास घेतला. मग दुसरा. मग मूठभर घेऊन वरण-भातावर भुरभुरवली. हो, वरण-भात होता, आमच्या पोटाला म्हणून आत कुकरमध्ये ठेवलेला. त्यांनी वास ओळखला अन् मागूनच घेतला.

मी पाणी आणायच्या निमित्तानं स्वयंपाकघरात सटकले. दिना मागोमाग आली. पोरीचे डोळे हसून हसून ओले.

"काकू, ते लाटके होते ना?"

"हो गं बाई. तुझ्या आईसाठी केले होते. वाटोळं झालं त्यांचं. रागावतील का गं?"

"अहो काकू, आमच्याकडे लाटके करतच नाहीत! ते तिकडे युरोपातल्या ज्यूंचं. आम्ही अलिबागचे, आमच्याकडे वालाची उसळ, नारळाच्या दुधातली आमटी. आईनं जन्मात लाटका पाहिलेला नाही."

मी तशीच ओट्याला टेकले. म्हणजे ओळखू यायचा प्रश्नच नव्हता! खरं सांगितलं असतं, तरी काही बिघडलं नसतं. "मग आता सांगून टाकू का खरं?"

"आता?" दिना म्हणाली. "आता काकांच्या आईची शेगडीसुद्धा झाली."

बाहेर आले, तर एस्थरताई डोळे टिपून राहिल्या होत्या. मला वाटलं, कुरमुटीत मिरची गेली की काय! त्यांनी माझा हात धरला.

"ताई, खरं सांगू? मी भीत भीत आले होते. वाटलं, तुम्ही आम्हाला कुठले तरी वेगळे लोक समजाल. इंटरनेटवर बघून काहीतरी ज्यूंचं म्हणून करून वाढाल. जिथं जावं तिथं हाच अनुभव हो! इथल्याच मातीतले आम्ही, पण लोक आम्हाला पाहुणेच समजतात. तुम्ही मात्र आपल्या घरचं, सासूबाईंच्या हातचं वाढलंत. आपलं माणूस समजून. माझी लेक या घरात सुखी राहील. माझा होकार आहे."

निखिलनं एवढा मोठा श्वास सोडला की पापड हलले! मी? मी रडले. आनंदानं रडले, हे खरं. पण त्यात निम्मं रडू लाजेचं होतं, हे फक्त तुम्हाला सांगून राहिले. आता कोणत्या तोंडानं खरं बोलू? त्या होकाराच्या बुडाशीच माझी कुरमुटी होती!

तर लग्न झालं. सून गुणाची आहे, तोंड बंद ठेवून आहे. माझं बरं चाललं होतं. अन् परवा डिसेंबरात विहीणबाईंचा फोन.

"ताई, आमचा हनुका चालू आहे. दिव्यांचा सण, तळलेलं काहीतरी करायचं असतं. दरवर्षी मी बटाटेवडे करते. यंदा म्हटलं, विहिणीकडची कुरमुटी करू. सगळ्या नातेवाइकांना सांगून बसले, नागपूरची खास म्हणून! पण काही केल्या तुमच्यासारखी होत नाही हो. नुसत्या गोल गोल टिकिया होतात. बाहेरून कुरकुरीत, आतून मऊ. एकसुद्धा फुटत नाही! माझं काय चुकतंय?"

अन् फोटो पाठवला. काय सांगू तुम्हाला! व्हिडिओतल्या बाईनं मान खाली घालावी असे देखणे, सोनेरी, गरगरीत लाटके!

इकडे आमचे हे पेपरात तोंड खुपसून गदगदा हसून राहिले होते. खरं बोलायची हीच वेळ होती. मी ठरवलंही होतं. देवाशपथ, तोंडसुद्धा उघडलं. अन् त्या तोंडातून काय निघालं माहीत आहे?

"मन छोटं नका करू ताई. जमेल हळूहळू. पहिल्यांदा माझीही अशीच गोल होत होती."