शेपटीखाली मीठ
खडेमीठ हाताला लागलं की वडगावातली आमची विणकरांची गल्ली आठवते. दारोदार हातमाग खडखडायचे, आणि मी तिथली नवी सून. आमच्या कोंबडीचा तुरा लालभडक झाला होता, पाठीवर हात ठेवला की पंख पसरून खाली बसायची. म्हणजे अंड्यावर आलेली. पण खुराड्यात अंडं काही सापडेना. शेजारची आक्का सासूबाईंना म्हणाली, "सूनच खात असंल, लई खादाड दिसतीया." सासूबाईंना ते पटलं. मी आतून पेटले. दुसऱ्या दिवशी आक्काच्या कट्ट्यावर सासूबाईंसकट बायका मागासाठी सुताच्या कांड्या भरत बसल्या असताना मी कोंबडीच्या शेपटीखाली मीठ चोळून तिला सोडलं. मीठ झोंबलं की कोंबडी रोजच्या अंड्याच्या जागीच धावते, हे मी माहेरी शिकलेलं. ती थेट आक्काच्या घरात शिरली आणि पलंगाखालच्या वेताच्या बुट्टीत जाऊन बसली. आक्का हुसकायला धावली. "राहू द्या की आक्का," मी म्हणाले, "अंडं घालूस्तवर सगळ्याजणी बघू देत." अंडं पडलं. सासूबाईंनी खाली मान घालून ते माझ्या हातात दिलं. मी ते उकडलं आणि त्याच बरणीतल्या मिठाला लावून, त्यांच्यासमोर बसून, एकटीनं खाल्लं. तसली चव आजवर परत मिळाली नाही.