तीर म्हणजे काय

आमच्याकडच्या त्या गाण्याला नाव नव्हतं. सगळे त्याला नुसतं ‘मेळ’ म्हणत. गाणारे दोन ओळी करून समोरासमोर बसत. एक ओळ आम्हा मराठी माणसांची, दुसरी कावेरीकाठच्या तमिळ भजनकऱ्यांची, आणि मधे आजारी माणूस. शब्द कुठल्या भाषेतले हे कुणालाच ठाऊक नव्हतं. विचारलं तर दोन्ही ओळी ‘आमच्याच’ म्हणत. मेळ गायल्यावर चोळपुरम्‌ची हरवलेली गाय आपल्या पायांनी घरी आली, साक्कोट्टैच्या मुक्या पोराला वाचा फुटली, अशा गोष्टी गावभर होत्या. त्यातली गाय मी पाहिली आहे. ती मुळात कुठे गेली असेल असं वाटत नव्हतं.

मेळ बसवायचे माझे आप्पा. तंजावरचं राज्य खालसा झालं, दरबारातलं गाणं बंद पडलं, तेव्हा ते आम्हाला घेऊन कुंभकोणमला आले. मला त्यांनीच शिकवलं. शिकवताना त्यांचा एकच शब्द, ‘परत’. चुकलं तरी परत, जमलं तरी परत. ‘वा’ म्हणून कधी नाही. लग्न होऊन सासरी जाईपर्यंत मी त्या शब्दाला अगदी विटले होते.

मग त्यांना जलोदर झाला. मी माहेरी आले तेव्हा पोट टम्म फुगलेलं आणि हातापायांच्या काड्या. सरकारी इस्पितळातल्या डॉक्टरानं एकदा पाणी काढलं, ते पुन्हा भरलं. वैद्यानं पथ्य सांगायचंही सोडलं तेव्हा आई म्हणाली, ‘आतां मेळ.’

मेळाचा शेवटचा शब्द ‘तीर’. तिथं बाकीचे सगळे थांबतात आणि तो शब्द आजाऱ्याच्या रक्ताचं सगळ्यात जवळचं माणूस एकट्यानं म्हणतं, तेही एकदाच. म्हणताना मनात जो अर्थ असेल तसं घडतं, अशी समजूत. आप्पांना मी एकुलती एक. म्हणून मी आमच्या ओळीत बसणाऱ्या काकांना विचारलं, तीर म्हणजे काय?

‘तुज एवढें कळत नाहीं? तीर म्हणजे कांठ. बुडत्यास कांठास लाव, म्हणून मागायचें.’

‘कोणत्या कांठास? ऐल कीं पैल?’

पैलतीराला गेलेलं माणूस पुन्हा दिसत नाही, हे काकांना मी वेगळं सांगायची गरज नव्हती. ते म्हणाले, ‘एवढें खोलांत तुज कशास जायचें?’

समोरच्या ओळीतले मुख्य गायक, एक म्हातारे भजनकरी, हसले. तमिळमध्ये म्हणाले, ‘काठ कसला, अम्मा? ते तमिळ आहे. नोय तीर. रोग सरू दे. अव्वळवुदान, एवढंच.’ क्षणभर मला बरं वाटलं. पण तमिळ मलाही येत होतं. घरातलं तेल सरलं तरी आम्ही बाजारात ‘तीर्न्दु पोच्चु’च म्हणायचो. सरायला रोगच हवा असं थोडंच आहे?

मला आप्पांचाच राग आला. इतकी वर्षं परत परत म्हणून घोकून घेतलं, अर्थ तेवढा सांगितला नाही. आणि आता त्यांना बोलायला धाप लागत होती. आईला विचारलं तर ती म्हणाली, ‘तूं म्हण तर खरें. देवास समजतें.’ देवाला समजेल, पण समजायचं तर माझ्या मनातलंच ना! माझ्या मनात नुसता काला झाला होता.

दिवेलागणीला मेळ सुरू झाला. आप्पांचे डोळे मिटलेले, पण फुगलेल्या पोटावर एक बोट ताल धरून होतं. शेवटी दोन्ही ओळी थांबल्या आणि सगळे माझ्याकडे बघू लागले. ऐल, पैल, रोग, तेल. मी ‘तीर’ म्हटलं आणि सूर घसरला.

बोट थांबलं. आप्पांनी डोळे उघडले.

‘परत,’ ते म्हणाले.

‘नको!’ आई ओरडली. ‘एकदांच म्हणायचें.’ काका म्हणाले, ‘तो परत येतों म्हणतो आहे, ऐका.’ म्हाताऱ्या भजनकऱ्यानं मला विचारलं, काय म्हणाले? मला त्याचं तमिळ करता येईना. पुन्हा म्हण, की माघारी आण? की माघारी यायचंय? मी रडकुंडीला आले.

आणि लहानपणापासून जे केलं तेच केलं. पुन्हा म्हटलं.

या वेळी सूर लागला. आप्पांनी किंचित मान डोलावली आणि डोळे मिटले. सकाळी ते गेले.

काका अजून म्हणतात, पहिल्या तीरानं काठाला लागलेला माणूस तुझ्या दुसऱ्या तीरानं ढकलला. म्हातारे भजनकरी म्हणाले, रोग सरला, चेहरा बघ किती शांत आहे. आईनं दोघांनाही मान हलवून हो म्हटलं. माझ्या काहीच ध्यानात येत नाही. दुसऱ्या वेळी माझ्या मनात कुठलाच अर्थ नव्हता, सूर तेवढा होता. त्यांची मान डोलली ती उभ्या जन्मात मला मिळालेली पहिली दाद. ती घेऊन मी काय करू? मला ‘परत’ म्हणणारं माणूस हवं होतं.