हार घातलेला गजेंद्र घाटोळ

नांदुऱ्याचा गजेंद्र घाटोळ टीव्हीवर जितका जगला, त्याच्या कितीतरी पट तो मेलेला राहिला. त्याची तक्रार मरण्याबद्दल नव्हती. मेल्यापासून काम मिळत नाही, ही होती.

खामगावला कॉलेजात असताना स्नेहसंमेलनाच्या नाटकात त्याला टाळ्या पडल्या आणि घोटाळा तिथंच झाला. वडील पंजाबराव यांचं बियाण्या-खतांचं दुकान. पोरगा गल्ल्यावर बसेल ही त्यांची अपेक्षा; पोरगा मुंबईला गेला. तिथं काही वर्षं तो चष्मा काढून "आम्ही शक्य ते सगळं केलं" म्हणणारा डॉक्टर होता. उच्चार शिकवणाऱ्या एका बाईंनी त्याच्या तोंडातलं वऱ्हाडी 'काऊन' काढून तिथं 'का' बसवलं. मग त्याला खरी भूमिका मिळाली: सायंकाळच्या मालिकेतल्या इनामदारांचा थोरला मुलगा, श्रीरंग. नांदुऱ्यात त्या वेळेला लोक दुकानाची शटरं अर्धी ओढून घरी जात.

पण नायिका विधवा झाली तर प्रेक्षक वाढतील, असं वाहिनीत कुणाला तरी वाटलं. श्रीरंगची गाडी घाटात कोसळली. गाडी दाखवली नाही, खर्च होतो. फोन वाजला, नायिकेच्या हातातलं ताट पडलं आणि गजेंद्र बेकार झाला.

भिंतीवर लावायला हसरा फोटो हवा म्हणून निर्मात्यांकडून निरोप आला. गजेंद्रनं भोळेपणानं हाताशी होता तो पाठवला. तो फोटो खामगावच्या स्टुडिओत लग्नाच्या बायोडाटासाठी काढलेला होता. त्याला चंदनाचा हार घालून इनामदारांच्या दिवाणखान्यात टांगलं. नायिकेला संकट आलं की ती त्याच्यापुढे उभी राहून रडे, आणि तिला संकटं रोज येत.

परिणाम व्हायचे ते झाले. साखरखेर्ड्याच्या एका स्थळाकडे बायोडाटा गेला, तर मुलीची आजी फोटो पाहून म्हणाली, "अवं, हा तं मेला नं!" आणि पदर डोळ्यांना लावला. ते एक वेळ चाललं असतं. पण दुसऱ्या मालिकेत काम मागायला गेलं की सगळीकडे एकच उत्तर: तुमचा चेहरा त्यांच्या भिंतीवर आहे, प्रेक्षक गोंधळतील. जो प्रेक्षक एका सुनेच्या जागी रातोरात दुसरी नटी आली तरी गोंधळत नाही, तो गजेंद्रच्या बाबतीतच कसा गोंधळणार होता, हे कुणी सांगेना. मालिकेची निर्मिती सांभाळणारे शेखर म्हणून गृहस्थ होते. गजेंद्रनं त्यांच्यापुढे हात जोडले, "सर, फोटो तेवढा उतरवा."

"कसा उतरवणार? तुझ्या फोटोमुळेच तर ती दुसरं लग्न करताना रडली."

म्हणजे तिचं दुसरं लग्नही झालं होतं.

तो नांदुऱ्याला परतून दुकानात बसला. गिऱ्हाईक सरकी-ढेप मागता मागता निरखून बघे आणि म्हणे, "तुमचं लय वाईट झालं." हा जिवंत राहून हे ऐकून घेई.

मग एक दिवस शेखरचा फोन आला. मालिका उतरणीला लागली होती. श्रीरंगचा जुळा भाऊ आणायचं ठरलं होतं. पहिला प्रसंग तयार होता: जुळा भाऊ घरात येतो, फोटो पाहतो, रडत रडत हार घालतो. गजेंद्रला दुकानातच नाचावंसं वाटलं. त्यानं आईला सांगितलं, ही चूक.

"आपल्याच फोटोले हार घालशीन?" पुष्पाबाई म्हणाल्या.

"आई, तो माझा फोटो नाही. श्रीरंगचा आहे."

"तोंड कोनाचं हाये?"

"माझं."

"मंग?"

"ॲक्टिंग असते गं ती."

"ॲक्टिंग कर नं. कोन नाई म्हनते? जित्ता मानूस सोताले हार घालत नसते. आतापर्यंत दुसऱ्यायनं घातला, मी डोये मिटून घेतले. तू घातला तं मी त्या टीव्हीत वरवंटा टाकीन."

पंजाबराव पेपरातून म्हणाले, "हप्ते फिटले हायेत त्याचे. टाक."

घरात दोन दिवस भांड्यांशिवाय कुणी बोललं नाही. शेवटी पंजाबरावांची थोरली बहीण सिंधूताई जलंबहून आली. या घरात तिचा शब्द शेवटचा. तिनं सगळं ऐकलं, चहा बशीत ओतला आणि म्हणाली, "पुष्पे, डोक्याले कावळा शिवला तं आपन काय करतो वं?"

आता हा रिवाज असा: कावळा डोक्याला शिवला की मरण जवळ आलं म्हणतात. मग नातेवाइकांना त्या माणसाच्या मरणाचा खोटा सांगावा धाडायचा, त्यांना रडू द्यायचं आणि मग तो जिवंत असल्याचं कळवायचं. खोट्या रडण्यानं खरं मरण टळतं, आयुष्य वाढतं.

"ह्याच्यासाठी तं अख्खा महाराष्ट्र रडून राह्यला," सिंधूताई म्हणाली. "शंभरी गाठते पोट्टा."

पुष्पाबाईंचा चेहरा उजळला आणि लगेच पडला. "पन बाई, रडनाऱ्याले मांगून सांगा लागते नं, का तो जित्ता हाये म्हनून? ह्यायनं कुठं सांगतलं?"

सिंधूताईनं बशी खाली ठेवली. "हाव वं. सांगा तं लागते. मंग जुया भाऊ नाई चालत. तोच आला पायजे."

निकाल लागला. गजेंद्रला तो शेखरला कळवावा लागला.

"कावळा?" शेखर म्हणाले. "कथेच्या कोणत्या ट्रॅकमध्ये?"

"ट्रॅक नाही सर, रिवाज आहे. मी जुळा नको, मीच हवा. म्हणजे श्रीरंगच. आई म्हणते."

"तुझी आई मालिका लिहिते का?"

"नाही सर. आत्यापण आहे."

गजेंद्रनं भूमिका गेली असं धरून फोन ठेवला. पण लेखिका वंदना मॅडम निराळ्याच पेचात होत्या. जुळा भाऊ आणायचा तर तो लहानपणी कुठल्या जत्रेत हरवला हे दाखवावं लागणार, त्यासाठी दोन सारखी पोरं शोधावी लागणार. मेलेला परत आणणं स्वस्त होतं. श्रीरंग घाटातून वर आला. नायिकेनं फोटो स्वतःच्या हातानं उतरवला.

नांदुऱ्यात स्टेशन रोडवर फ्लेक्स लागला: 'श्रीरंगभाऊ जिवंत असल्याबद्दल हार्दिक अभिनंदन.' पुष्पाबाई पेढे घेऊन ज्या ज्या घरी रडारड झाली होती तिथं स्वतः गेल्या. शेजारच्या अमीनाबींच्या घरी तर पेढा घेताना पुन्हा रडणं झालं.

इकडे वंदना मॅडमच्या लक्षात आलं की नायिकेला आता दोन नवरे झाले. एकाला गप्प करणं भाग होतं. दुसऱ्या नवऱ्याचं मानधन जास्त, म्हणून श्रीरंगची स्मृती गेली.

गजेंद्रला काम आहे. तो रोज सेटवर जातो, मेकअप करतो, शाल पांघरतो आणि दिवाणखान्यातल्या सोफ्यावर बसतो. त्याच्या डोक्यावरून दोन्ही बाजूंची माणसं भांडतात. त्यानं निकरानं मागितलं तेव्हा मॅडमनी एक वाक्य दिलं. वाक्य म्हणजे शब्द: "कोण?" नायिका समोर आली की म्हणायचा. तो त्याची तयारी करतो. आरशासमोर करतो, दाढी करताना करतो. आशेचा 'कोण' निराळा, भीतीचा निराळा.

परवा असाच सराव चालू असताना आईचा फोन आला. यानं उचलला आणि ओळख पटायच्या उंबरठ्यावरचा, किंचित ओला 'कोण?' लावला.

पलीकडून आवाज आला:

"तुही माय बोलून राह्यली, बैताडा! जेवला का?"

"जेवलो," गजेंद्र म्हणाला. "आई, कसा वाटला?"

"काय कसा वाटला?"

"कोण."

"कोन?"

त्यानं फोन ठेवला. तिचा जास्त चांगला होता.