मॅडमच्या तोंडी घातलेलं वाक्य

साल २०११. माझं वय छप्पन्न. तेव्हाची ही गोष्ट माझ्या बायकोलासुद्धा ठाऊक नव्हती — ती गेली, तिच्या कानावर न पडताच. मी चौथीपर्यंत शिकलेला, लिहायची सवय नाही. पण आता तुम्हाला सांगतो.

गव्हाणला आमचं तीन मजली घर. वरचा मजला भाड्याने दिलेला, एका जर्मन बाईला. नवरा बंदरावर इंजिनियर. हेल्गा मॅडम म्हणायचो आम्ही तिला. तिच्या देशात ती नाटकात गायची — आपल्या संगीत नाटकासारखं, पण बोलणंसुद्धा गाण्यातच. माईक नाही! समोर एवढा मोठा वाजवणाऱ्यांचा ताफा, आणि त्यांच्यावरून हिचा आवाज शेवटच्या खुर्चीपर्यंत जायचा. आधी मागे घोळक्यात उभी राहून गायली, मग मोलकरीण झाली, मग राणी. बरीच वर्षं राणी. पुढे वरचा सूर फाटायला लागला, तेव्हा लोकांनी म्हणायच्या आत स्वतःच खाली उतरली आणि शिकवायला बसली. हे ती हसत सांगायची.

मी एकदा विचारलं, "पण मॅडम, लगीन कुणाचं असायचं?"

"कुणाचंच नाही."

मला ते काही पटलं नाही. आमच्या आगरी लोकांत बाई गाते ती कुणाला तरी हळद लावायला. माझी आय धवलारीण होती. धवलारीण धवले, म्हणजे लग्नाची गाणी, गाते तेव्हा आमच्यात लग्न लागतं, भटजी असो नसो.

आयचा तो आवाज माझ्या पोरीत उतरला, मंगलमध्ये. शेजारच्या हळदीत लाइट गेली, डीजे मुका झाला, आणि मंगलने धवला धरला. मॅडम गच्चीवरून अनवाणी खाली आली. तेव्हापासून मंगल रोज सकाळी वर शिकायला. मॅडमच्या पियानोवर ओठ मिटून गुणगुणायचं, पोटावर हात ठेवून श्वास घ्यायचा. मला आपलं वाटायचं, दोघींचा वेळ जातो.

मग मॅडमच्या नवऱ्याचं काम संपलं. एका संध्याकाळी तिने मला चहाला बोलावलं आणि तिच्या मोडक्या मराठीत म्हणाली, "मंगल माझ्याबरोबर येऊ दे. माझ्या घरी राहील. तिथे गाण्याच्या शाळेत परीक्षा देईल. तिचा आवाज माझ्यापेक्षा मोठा. इथे राहिली तर वाया जाईल. तिला मी विचारलं नाही अजून. तुम्ही वडील. आधी तुम्ही."

आमच्यात राहून रीत शिकली होती ती. तिथेच फसली.

वाया? माझ्या आयने अख्ख्या गावाची लग्नं लावली, तो आवाज वाया? असा मी आतून पेटलो. पण थांबा — हेही खरं नाही. थोरल्या पोराच्या हळदीला डीजे मीच आणला होता. म्हातारी मांडवाच्या कोपऱ्यात गात होती, तिला मीच म्हटलं, "आये, आता पुरे." मग मला आयचा पुळका कसला? माझ्या घरात काय मोलाचं आहे, ते मला दिसलं नाही आणि एक भाडेकरू बाई मला दाखवते — ते खुपलं. एवढंच. दुसरं काही नाही.

खाली मंगल भाकऱ्या थापत होती. मी म्हटलं, "मॅडम चालली. तुझं पुढं काय, विचारलं मी तिला. म्हणते, आवाज नाय पुरत. तुझ्या तोंडावर सांगायला जड जातं तिला."

मंगल म्हणाली, "बरं." हातातली भाकरी तव्यावर टाकली, वरून पाणी फिरवलं. ती भांडली असती, रडली असती, तर मी कदाचित... नाही. तरी नसतं सांगितलं.

मग वर गेलो. म्हटलं, "पोर नाय म्हणते, मॅडम. लगीन करायचंय तिला."

आणि केलंच मी तिचं लग्न. आज तिची मुलगी आठवीत आहे. हळदीत बायका मंगलला ओढतात — "ये ग, आजीचा धवला घे ना!" ती हसून म्हणते, "नको बाय, माझा आवाज नाय पुरत." मी तिथेच बसलेला असतो, पानाला चुना लावत.

मॅडम वारली. तोवर फोनवर विचारायची, मंगल गाते का? मी सांगायचो, गाते की!

पण त्या संध्याकाळनंतरची सकाळ राहिली सांगायची. दोघींची गाठ पडू नये म्हणून मी मंगलला उजाडताच मोटरसायकलवर बसवलं आणि बेलपाड्याला बहिणीकडे नेलं. उतरताना म्हणाली, "बाबा, मॅडमला सांगा, माझा राग नाय त्यांच्यावर." सांगतो, म्हटलं.

परत आलो तर मॅडम जिन्यात उभी. "मंगल काही बोलली?"

"काय नाय," मी म्हटलं.

ती तशीच उभी राहिली, माझ्या मागे रस्त्याकडे बघत. मग तिचा पियानो खोक्यात भरायला मी स्वतः हात लावला, आणि तिने माझे आभार मानले.